पायाखालचा घडवलेला दगड

मुलुंड, घाटकोपर किंवा बोरिवलीच्या जुन्या सोसायटीत रंगकामासाठी लोखंडी कपाट सरकवलं, की त्याखालची लादी उजळ निघते. पांढरे, काळे, तांबूस दाणे कालच बसवल्यासारखे चमकतात. बाकीची खोली तेवढी मळलेली, पावलांनी मंद झालेली असते.

ही मोझॅक लादी. दगडासारखीच, पण माणसाने घडवलेली. असा दगड करण्याचा ध्यास जुना आहे. लंडनमध्ये 1769 पासून एलिनॉर कोड यांच्या कारखान्यात भट्टीत भाजलेल्या मातीचा 'कोड स्टोन' होत असे. व्हेनिसच्या कारागिरांनी संगमरवराचे टाकाऊ तुकडे वापरून जमिनी केल्या. मोझॅक लादीचं मूळ तिथलं. 1824 मध्ये पेटंट घेतलेल्या 'पोर्टलँड' सिमेंटला तर नावच एका इंग्लिश दगडावरून मिळालं. आपल्याकडे 1922 मध्ये फिरोजशा आणि रुस्तम सिधवा यांनी स्वदेशीच्या प्रेरणेने 'भारत टाइल्स' सुरू केली. कारखाना उरणला. परदेशी लाद्यांच्या तोडीची सिमेंटची लादी इथेच घडू लागली.

मोझॅक लादीचे थर दोन. साच्यात आधी सिमेंट, रंग आणि संगमरवराच्या चिप्सचा गिलावा ओततात, त्यावर सिमेंट-वाळूचा कोरडा थर पसरतात आणि प्रेसखाली दाबतात. मग साच्यातून काढून उलटवलेली लादी पाण्यात मुरवतात. घरात लाद्या बसवून सांधे त्याच रंगाच्या सिमेंटने भरले, की घासाईचं मशीन येतं. आधी 60 नंबरचा खरखरीत दगड, मग 120, शेवटी 320. खोलीभर राखाडी रबडी होते, आवाजाने बोलणं ऐकू येत नाही. पण रबडी ओढून पाणी मारलं, की सिमेंटच्या सायीखालचे दाणे एकेक करून वर येतात. लादीचं रूप खुलतं ते इथे, घरमालकाच्या डोळ्यांदेखत.

हे दाणे वरच्या थरात खोलवर असतात. छापील नक्षी झिजली की संपते. ही लादी झिजली तर पुन्हा घासता येते, आणि खालून तोच दगड निघतो. उन्हाळ्यात दुपारी तिच्यावर चटईशिवाय पडावं, इतकी ती गार.

आज पुनर्विकासात इमारतींबरोबर या लाद्याही राडारोड्यात जातात. ज्यांच्या घरात त्या अजून शाबूत आहेत, त्यांनी वर नवी टाइल चिकटवण्याआधी एकदा पॉलिशवाल्याला बोलवावं. कपाटाखालची ती चमक अख्ख्या खोलीत आहे. फक्त घासायची राहिली आहे.