हॉवर्ड विद्यापीठ : सुधारणा आणि नेतृत्व यांचा एक धडा

डॉ. बाबासाहेब आंबेडकर १९१३ साली न्यूयॉर्कच्या कोलंबिया विद्यापीठात दाखल झाले, हे आपणां सर्वांस ठाऊक आहे. तेथेच मे १९१६ मध्ये डॉ. गोल्डनवायझर यांच्या मानववंशशास्त्राच्या चर्चासत्रात त्यांनी भारतातील जातिसंस्थेवरील आपला निबंध वाचला. विद्यार्थ्याने स्वतः संशोधन करावे व ते प्राध्यापकांपुढे चर्चेसाठी मांडावे, ही पद्धत अमेरिकेत तेव्हा फार जुनी नव्हती. काही द्रष्ट्या विद्यापीठप्रमुखांनी ती तेथे रुजविली होती. त्या इतिहासाचा परिचय करून देऊन त्यातील एका पर्वाकडे विशेष लक्ष वेधावे, असा आमचा हेतू आहे.

अमेरिकेतील जुन्या महाविद्यालयांत ग्रीक-लॅटिन भाषा व ठरावीक पाठांची घोकंपट्टी यांस प्राधान्य असे. १८६२ च्या मॉरिल कायद्याने राज्यांना सरकारी जमिनी दिल्या आणि त्यांच्या उत्पन्नातून शेती व यंत्रविद्या शिकविणारी महाविद्यालये उभी राहिली. १८६९ पासून चाळीस वर्षे हार्वर्डचे प्रमुख असलेल्या चार्ल्स एलियट यांनी विद्यार्थ्यास विषय निवडण्याचे स्वातंत्र्य दिले. १८७६ साली बाल्टिमोर येथे सुरू झालेल्या जॉन्स हॉपकिन्स विद्यापीठात डॅनियल गिलमन यांनी जर्मनीच्या धर्तीवर संशोधनास केंद्रस्थान दिले.

परंतु या सुधारणांचा लाभ सर्वांस सारखा मिळाला नाही. १८६५ साली गुलामगिरी कायद्याने संपली, तरी दक्षिणेकडील बहुतेक विद्यापीठांची दारे कृष्णवर्णीयांस बंदच राहिली. १८९० च्या दुसऱ्या मॉरिल कायद्याने त्यांच्यासाठी स्वतंत्र संस्था काढण्याची मुभा राज्यांना दिली. संस्था निघाल्या, पण निधी तुटपुंजा राहिला. बुकर टी. वॉशिंग्टन यांनी १८८१ पासून टस्कीगी येथे हस्तोद्योगांवर भर दिला. तेथील विद्यार्थ्यांनी स्वतः विटा पाडून संस्थेच्या इमारती बांधल्या. डब्ल्यू. ई. बी. डु बॉईस यांना मात्र हे पुरेसे वाटत नव्हते. समाजाला उच्च विद्याविभूषित नेतेही हवेत, असा त्यांचा आग्रह होता.

या वादाचे एक उत्तर राजधानी वॉशिंग्टनमध्ये मिळाले. तेथील हॉवर्ड विद्यापीठ १८६७ साली स्थापन झाले होते. नुकत्याच मुक्त झालेल्या समाजासाठी निघालेल्या या विद्यापीठाला पहिला कृष्णवर्णीय अध्यक्ष लाभण्यास मात्र १९२६ साल उजाडावे लागले. ते मॉर्डेकाय जॉन्सन. त्यांचे वडील एकेकाळी गुलाम होते. जॉन्सन यांच्या कारकिर्दीच्या आरंभीच, १९२८ साली, विद्यापीठाच्या वार्षिक सरकारी अनुदानास कायद्याचा आधार मिळाला.

विद्यापीठाचे विधी महाविद्यालय तेव्हा प्रामुख्याने सायंकाळी भरे. दिवसा नोकरी करणारे लोक तेथे कायदा शिकत. परंतु त्या पदवीस व्यवसायात पुरेशी मान्यता नव्हती. १९२९ साली जॉन्सन यांनी हार्वर्डचे विधी पदवीधर चार्ल्स ह्यूस्टन यांच्याकडे त्याची सूत्रे सोपविली. ह्यूस्टन यांनी सायंकालीन वर्ग बंद करून पूर्णवेळ शिक्षण सुरू केले, ग्रंथालय वाढविले, परीक्षा कडक केल्या. माजी विद्यार्थ्यांत याविषयी नाराजी पसरली, आणि ती अकारण नव्हती. पोटासाठी नोकरी करणाऱ्याचा शिकण्याचा मार्ग या निर्णयाने बंद झाला होता.

तरीही थोड्याच वर्षांत महाविद्यालयास पूर्ण मान्यता मिळाली. १९३३ साली तेथून थर्गुड मार्शल प्रथम क्रमांकाने उत्तीर्ण झाले. पुढे या गुरुशिष्यांनी मेरीलँड विद्यापीठाच्या विधी विद्यालयाविरुद्ध खटला लढविला आणि १९३६ साली राज्याच्या सर्वोच्च न्यायालयाने कृष्णवर्णीय विद्यार्थ्याच्या प्रवेशावर शिक्कामोर्तब केले. १९५४ साली अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने सरकारी शाळांतील वर्णभेद घटनाबाह्य ठरविला. त्या खटल्यात मार्शल यांनी बाजू मांडली होती. ह्यूस्टन १९५० सालीच निवर्तले होते; तो दिवस पाहणे त्यांच्या नशिबी नव्हते. १९६७ साली मार्शल त्याच न्यायालयाचे पहिले कृष्णवर्णीय न्यायमूर्ती झाले.

वंचितांसाठी संस्था काढणे ही सुधारणेची केवळ पहिली पायरी होय, हे या इतिहासावरून आम्हांस दिसते. त्या संस्थेतील शिक्षण कोणत्याही श्रेष्ठ संस्थेच्या तोडीचे व्हावे, यासाठी तिच्या प्रमुखास अप्रिय निर्णय घ्यावे लागतात आणि त्यांची किंमत कोण मोजतो, याचेही भान ठेवावे लागते. बाबासाहेबांनी १९४६ साली मुंबईत सिद्धार्थ महाविद्यालय काढले, तेव्हा नोकरी करणाऱ्यांसाठी सकाळचे वर्ग ठेवले आणि शिक्षणाचा दर्जाही उच्च राखण्याचा आग्रह धरला. ह्यूस्टन यांना ज्या दोहोंपैकी एकाची निवड करावी लागली, ती दोन्ही साधण्याचा हा प्रयत्न होता. वसतिगृहात राहून शिकलेल्या आपल्या माजी विद्यार्थ्यांनी आणि त्यांना विश्वासाने येथे धाडणाऱ्या पालकांनी या दोन्ही मार्गांचा विचार करावा, अशी आमची विनंती आहे.