विश्लेषण : चाच्यांच्या ध्वजाने इंडोनेशियाचे सरकार का बिथरले?

इंडोनेशियाच्या स्वातंत्र्याला १७ ऑगस्ट २०२५ रोजी ८० वर्षे पूर्ण झाली. त्याआधीचे काही आठवडे तिथल्या ट्रकवर आणि घरांवर लाल-पांढऱ्या राष्ट्रध्वजाबरोबर एक काळा ध्वजही फडकू लागला. त्यावर कवटी, फुलीसारखी हाडे आणि कवटीच्या डोक्यावर गवती टोपी!

हा ध्वज कुणाचा?

आइचिरो ओडा यांची 'वन पीस' ही जपानी चित्रकथा १९९७ पासून सुरू आहे. तिचा नायक लुफी समुद्री चाचा खरा, पण त्याची लढाई आहे ती जुलमी 'जागतिक सरकार'शी. इंडोनेशियातली तरुण पिढी याच कथेवर वाढली. त्यामुळे ध्वजाचा अर्थ तिला कुणी सांगावा लागला नाही. नेत्यांना मात्र भलताच अर्थ लागला. संसदेचे उपसभापती सुफमी दास्को अहमद यांना त्यात देशात फूट पाडण्याचा डाव दिसला. मंत्री बुदी गुनावान यांनी कारवाईचा इशारा दिला. कार्टूनमधल्या टोपीला एवढे महत्त्व देऊन तिची जाहिरात सरकारनेच केली, असे म्हणायला हवे.

ध्वजावरून पेटण्याची या देशाला सवय आहे. १९४५ मध्ये सुराबायातल्या एका हॉटेलवर चढून तरुणांनी डच ध्वजाची निळी पट्टी फाडून टाकली होती. उरला तो लाल-पांढरा.

राग कशाचा?

फेब्रुवारीतच 'काबुर आजा दुलु' (आधी इथून पळा तर) हा हॅशटॅग गाजला होता. शिकलेली मुले परदेशातल्या नोकऱ्यांची, शिष्यवृत्त्यांची माहिती एकमेकांना पुरवत होती. सरकारी खर्चातील कपातीविरोधात विद्यार्थी काळे कपडे घालून रस्त्यावर उतरले तेही त्याच महिन्यात. मग ऑगस्टमध्ये उघड झाले की, खासदारांना घरासाठी दरमहा ५ कोटी रुपिया भत्ता मिळतो. जकार्ताच्या किमान वेतनाच्या सुमारे दहापट! २८ ऑगस्टला आंदोलनादरम्यान पोलिसांच्या चिलखती वाहनाखाली २१ वर्षांचा ॲपवरचा बाइक-टॅक्सीचालक चिरडला गेला आणि शहरामागून शहर पेटले. अखेर भत्ता रद्द करावा लागला.

ध्वज पुढे कुठे गेला?

सप्टेंबरमध्ये तो काठमांडूत सिंहदरबारच्या फाटकावर दिसला. मग मादागास्करमध्ये, तिथल्या मुलांनी कवटीवरची गवती टोपी काढून आपल्या बेत्सिलेओ समाजाची टोपी चढवली.