झुणका-भाकरीचे दोन भाव

मूल्यसिद्धान्ताचा तास चालू असता एका विद्यार्थ्याने परवा एक साधा प्रश्न विचारला. ‘सर, ज्वारीची भाकरी आमच्या घरी रोजच होते, मग शहरातले लोक तिच्यासाठी शेकडो रुपये मोजून रांगेत का उभे राहतात?’ वर्गात हशा पिकला. प्रश्न मात्र हसण्यावारी नेण्याजोगा नव्हता. कारंजा लाडसारख्या गावाच्या आर्थिक भवितव्याशी त्याचा निकटचा संबंध आहे.

या भाकरीचा एक भाव महाराष्ट्राने 1995 साली पाहिला. राज्य शासनाने त्या वर्षी एक रुपयात झुणका-भाकर देण्याची योजना सुरू केली. हेतू स्तुत्य होता. परंतु अनुदानाच्या आधारावर उभी असलेली ती योजना काही वर्षांतच गुंडाळावी लागली. दुसरा भाव नागपूरच्या विष्णू मनोहर यांनी दाखवून दिला. दूरचित्रवाणीवरील ‘मेजवानी’ या कार्यक्रमातून घराघरांत पोहोचलेल्या या बल्लवाचार्यांनी 2017 साली नागपुरात सलग दोन दिवसांहून अधिक काळ स्वयंपाक करून विक्रम नोंदविला आणि त्याच वर्षी एका कढईत 3 हजार किलो खिचडी शिजविली. या विक्रमांचे कौतुक झाले, ते योग्यच होते. अर्थशास्त्राच्या अभ्यासकाला मात्र त्यांची उपाहारगृहे अधिक महत्त्वाची वाटतात. ‘विष्णुजी की रसोई’ या नावाने नागपुरात आणि पुढे पुण्यातही त्यांनी वैदर्भीय जेवणालाच प्रतिष्ठेचे स्थान दिले. झुणका, पाटवडी, गोळा-भात, वडा-भात हे पदार्थ पाहुण्याला वाढताना ‘आपलं साधंच आहे’ असे म्हणून आपण संकोचतो. मनोहर यांनी तो संकोच टाकला आणि साधेपणालाच किंमत आणली.

एखादी कल्पना धरून तिच्याभोवती सारे उपाहारगृह बेतण्याची ही पद्धत जगाला नवी नाही. 1971 साली दोन अमेरिकी तरुणांनी लंडनमध्ये ‘हार्ड रॉक कॅफे’ काढले आणि संगीताच्या वेडाला खाण्याची जोड दिली. आपल्याकडे जयपूरजवळ 1989 पासून ‘चोखी ढाणी’ राजस्थानी खेडे उभे करून पाहुण्यांना जेवू घालीत आहे. एडवर्ड चेंबरलिन यांनी 1933 सालीच सांगून ठेवले होते, की वस्तू इतरांहून वेगळी भासली म्हणजे विक्रेत्याला किंमत ठरविण्याचे काहीसे स्वातंत्र्य मिळते. पाइन आणि गिलमोर या दोघांनी 1998 मध्ये त्याच्या पुढे जाऊन, ग्राहक आता वस्तूइतकाच अनुभव विकत घेतो, असे प्रतिपादन केले. शहरातला माणूस भाकरीची किंमत देतो ती केवळ धान्याची नव्हे; सुटलेल्या घराची, आजीच्या हातच्या चवीची तो किंमत देत असतो.

तथापि, केवळ देखाव्यावर हा धंदा टिकत नाही. चित्रपटतारकांच्या वलयावर 1991 साली न्यूयॉर्कमध्ये सुरू झालेल्या ‘प्लॅनेट हॉलिवूड’ला 1999 मध्ये दिवाळखोरीचा अर्ज करावा लागला. भिंतीवरची सजावट पाहायला माणूस एकदा येतो, पुन्हा येतो तो चवीसाठी. मनोहर यांची कारकीर्द या दृष्टीने बोलकी आहे. आधी हात स्वयंपाकात मुरला, नाव झाले आणि मग त्या नावाची पाटी लागली.

आता आपल्या गावाकडे वळू. शकुंतला रेल्वेच्या अरुंद रुळांवरून कारंजाचा कापूस मूर्तिजापूरमार्गे बाहेर गेला आणि कापड होऊन परत आला. कापसाला भाव मिळाला, पण मोल वाढले ते दुसरीकडे. आज ती गाडी बंद आहे. व्यवहाराची रीत बदललेली नाही. तूर बाजार समितीच्या आवारात क्विंटलने विकली जाते आणि शहरात वरणाच्या वाटीने. माझा एक माजी विद्यार्थी एका मोठ्या शहरात गावरान धाटणीच्या उपाहारगृहात वाढपी आहे. धोतर, फेटा असा त्याचा गणवेश आहे. ‘बाबांनी धोतर सोडलं, आणि मी पगारासाठी नेसतो’, असे तो हसत सांगतो. त्या हसण्यात उपहास नव्हता, पण मला काही ते विसरता येत नाही. पोशाखात कमीपणा कसला? मूळ प्रश्न मालकीचा आहे. चव आपली, आठवण आपली, वाढणारे हातही आपले. मग गल्ल्यावर मात्र आपण का नसावे?

हा प्रश्न आजच विचारण्यास कारण आहे. नागपूर-मुंबई हा 701 किलोमीटरचा समृद्धी महामार्ग जून 2025 मध्ये पूर्णपणे खुला झाला आणि कारंजाजवळ त्यावर चढण्या-उतरण्याची सोय आहे. नृसिंह सरस्वतींचे जन्मस्थान म्हणून गुरुमंदिरात दूरदूरचे भाविक येतात. जैन यात्रेकरूंचीही येथे जुनी वर्दळ आहे. ग्राहक दाराशी आला आहे. त्याला कोठल्याही शहरात मिळणारेच पदार्थ वाढले, तर तो येथे का थांबेल? येथील बचत गटांतील भगिनींच्या हातची भाकरी, ठेचा आणि तुरीचे वरण स्वच्छ जागेत, ठरल्या दराने आणि रोज त्याच चवीने मिळाले, तर तो वाट वाकडी करील.

यात जोखीम नाही असे नव्हे. भांडवल लागेल, बँकेची पायरी चढावी लागेल, हिशेब चोख ठेवावा लागेल, आणि पहिली दोन-तीन वर्षे नफ्याविना काढण्याची तयारी ठेवावी लागेल. नोकरीच्या जाहिरातींकडे डोळे लावून बसलेल्या आमच्या पदवीधरांना हा मार्ग बिकट वाटेल. तथापि पुण्याला जाऊन दुसऱ्याच्या पंक्तीत वाढण्यापेक्षा तो अधिक बिकट आहे काय, याचा विचार त्यांनी आणि त्यांच्या पालकांनी अवश्य करावा.

त्या विद्यार्थ्याला मी मागणी-पुरवठ्याचे उत्तर दिले, ते त्याने वहीत उतरवून घेतले. त्याच्या प्रश्नाचे खरे उत्तर मात्र त्याच्याच घरच्या चुलीपाशी आहे. ते शोधण्यास त्याला गाव सोडावे लागू नये, एवढीच अपेक्षा.