पडद्यावरचा चिक चॉकलेट

१९४०च्या दशकात अमेरिकेतल्या बारमध्ये ‘पॅनोरॅम’ नावाचं कपाटाएवढं यंत्र असे. दहा सेंटांचं नाणं टाकलं की तीनेक मिनिटांचा संगीतपट दिसायचा. आठ पट एकाच रिळावर जोडलेले, त्यामुळे निवड गिऱ्हाइकाच्या हाती नसे. हे ‘साउंडीज’ १९४७पर्यंत निघाले. १९५०पासून लुई स्नेडर यांनी दूरचित्रवाणीसाठी तशाच चित्रफिती काढल्या. ड्यूक एलिंग्टन, नॅट किंग कोल हे जॅझ कलावंत त्या काळी वाद्यासमोर कसे दिसत, हे आज त्यांतून कळतं. मुंबईत त्याच काळात जॅझ वाजवणारे बरेचसे गोमंतकीय होते, चर्चच्या शाळेत सुरावटीचं लेखन शिकलेले. त्यांच्यासाठी असं यंत्र कुणी बसवलं नाही, म्हणून त्यांचं चित्रण राहिलंच नाही, असं मानलं जातं. मला ते पटत नाही. १९५१चा भगवानदादांचा ‘अलबेला’ पाहावा. संगीतकार सी. रामचंद्र, त्यांचे साहाय्यक गोव्यातल्या हळदोण्याचे आंतोनियो शाविएर वाझ, म्हणजेच ट्रम्पेटवादक चिक चॉकलेट. ‘दीवाना ये परवाना’ या गाण्यात ते झालरींचे सदरे घातलेल्या आपल्या बँडसह चक्क पडद्यावर आहेत. हिंदी सिनेमातलं सुटं गाणं हाच आपला साउंडी.

यावर कुणी म्हणेल, गाणं आधी ध्वनिमुद्रित झालेलं, पडद्यावर नुसता अभिनय. तो वादनाचा पुरावा कसा? पण साउंडीजही बहुतेक याच रीतीने बनत. त्यांतून बोटांची करामत तपासू नये. बँड उभा कसा राहायचा, पोशाख काय, ऐट कुठून उचललेली, हे मात्र खात्रीने कळतं. दुसरा आक्षेप जड आहे. साउंडीत कॅमेरा एलिंग्टनसाठी लावलेला असे, इथे तो नायक भगवान आणि नायिका गीता बालीसाठी आहे. बँड म्हणजे शोभा. हे खरंच. उत्सवातलं संगीत नाटक बघणाऱ्या गोव्यातल्या आमोण्या-डिचोलीच्या प्रेक्षकाला हा प्रकार नवा नाही: टाळी नटाला, ऑर्गनवाला कडेला. मात्र अमेरिकेतही कलावंताचा मान निर्भेळ नव्हता. कृष्णवर्णीयांना अनेक साउंडीजनी विदूषकी सोंगं करायला लावली. फरक पडला तो नोंदीत. साउंडीच्या सुरुवातीच्या पाटीवर वादकाचं नाव असे, त्यामुळे पुढच्या संग्राहकांना ते पट कलावंतानुसार लावता आले. आपल्या गाण्यांच्या याद्यांत गायक, गीतकार, संगीतकार भेटतात. ट्रम्पेट कुणाचा, हे लिहायला रकानाच नसतो. तो रकाना वाढवायला नवं चित्रीकरण लागत नाही, जुनी गाणी थांबवून-थांबवून बघणारे आणि चेहरे ओळखणारे लोक लागतात.