टीव्हीवरची ती बाई मोलकरीण नव्हती!

बसणाऱ्याच्या खाली हळूच रबरी पिशवी सरकवायची आणि 'फुस्स' आवाज झाला की हसायचे, हा अमेरिकेतला जुना खोडसाळपणा. त्या पिशवीला तिकडे 'हूपी कुशन' म्हणतात. तिच्यावरून स्वतःचे नाव घेणारी बाई पुढे घराघरांत पोहोचली. हूपी गोल्डबर्ग हे तिचे रंगमंचावरचे नाव, खरे नाव कॅरिन जॉन्सन.

जन्म 1955 चा, न्यूयॉर्कमधल्या गरिबांच्या सरकारी वसाहतीत, कृष्णवर्णीय कुटुंबात. आई परिचारिका, पुढे शिक्षिका झाली. दोन लेकरांना तिने एकटीने वाढविले. कॅरिनला अक्षरे नीट लागत नसत. तो वाचनदोष वेळेवर कोणी ओळखला नाही, 'मठ्ठ' हा शिक्का मात्र बसला. शाळा सुटली. पुढे तिने गवंडीकाम केले, प्रेतांना सजविण्याचे कामही केले. पदरी मुलगी होती. काही काळ सरकारी मदतीवर चूल पेटली.

तिला वाट दाखविली ती टीव्हीने. 1966 साली 'स्टार ट्रेक' ही अंतराळयानाची मालिका सुरू झाली. तीत निशेल निकोल्स ही कृष्णवर्णीय नटी यानावरची अधिकारी होती. ती दिसताच शाळकरी कॅरिन घरच्यांना हाका मारू लागली : टीव्हीवर काळी बाई आहे, आणि ती मोलकरीण नाही! याच निकोल्सला मालिका सोडण्यापासून डॉ. मार्टिन ल्युथर किंग यांनी परावृत्त केले होते, असे ती स्वतः सांगत असे.

1985 च्या 'द कलर पर्पल' चित्रपटाने हूपीचे नाव झाले. तरी 1988 मध्ये तिने 'स्टार ट्रेक'च्या नव्या मालिकेत स्वतःहून भूमिका मागून घेतली. मालिकावाल्यांना आधी खरेच वाटेना!

1991 मध्ये 'घोस्ट'साठी तिला ऑस्कर मिळाले. अभिनयाचे ऑस्कर मिळविणारी ती दुसरी कृष्णवर्णीय स्त्री. पहिली हॅटी मॅकडॅनियल, 1940 साली, मोलकरणीच्याच भूमिकेसाठी. त्या समारंभात हॅटीला सहकलाकारांपासून दूर, भिंतीलगत वेगळ्या टेबलाशी बसविले होते. आपल्या वाचकांना ते टेबल समजावून सांगायला नको. हॅटीवरील माहितीपट हूपीने सादर केला आणि 2002 मध्ये त्यासाठी तिला एमी पुरस्कार मिळाला.

2007 पासून ती 'द व्ह्यू' हा टीव्हीवरील चर्चेचा कार्यक्रम चालवीत आहे. जीभ तिखट. 2022 मध्ये ज्यूंच्या संहाराचा वंशाशी संबंध नव्हता, असे ती बोलून गेली. वर्णभेद सोसलेल्या बाईच्या तोंडी हे शोभले नाही. तिने माफी मागितली. वाहिनीने तिला दोन आठवडे घरी बसविले, आणि ती परत कामावर आली.