कट कुठे मारायचा?

एडिट रूममध्ये नव्याने आलेल्या असिस्टंटला सुरुवातीला कुणी कट मारू देत नाही. त्याच्या वाट्याला येते ती आवराआवर. शूटिंगवरून हार्डडिस्क आली की आधी तिची दुसरी प्रत काढायची. मग वेगळा रेकॉर्ड झालेला आवाज चित्राशी जुळवायचा. क्लॅपची पट्टी मिटलेली फ्रेम शोधून तिच्यावर 'टक्' हा आवाज नेऊन बसवला की सबंध टेक सिंकमध्ये येतो. पुढे सीन आणि टेकच्या नंबरांप्रमाणे सगळं लावून ठेवायचं. काम कंटाळवाणं खरं, पण सगळं फुटेज डोळ्यांखालून जातं ते इथेच.

मग सीन हाती येतो. समजा, मुलगा आईला सांगतोय, ''नोकरी सोडली.'' दोघांचे वेगवेगळे शॉट आहेत. नवखा एडिटर जो बोलेल त्याला दाखवतो. मुरलेला वाक्य पुरं व्हायच्या आत आईवर जातो. मुलाचा आवाज मागे चालू राहतो आणि मेथी निवडता निवडता तिची नजर वर येते. सिनेमात सेकंदाला 24 फ्रेम असतात. ती नजर 6 फ्रेम, म्हणजे पाव सेकंद, अलीकडे उठली तरी तिला आधीच कुणकुण होती असं वाटायला लागतं. लेखकाने न लिहिलेलं काहीतरी गोष्टीत शिरतं.

असे सीन जोडून रफ कट होतो. दिग्दर्शकाबरोबर बसून तो घासूनपुसून घेतला की चित्र लॉक करून साउंड आणि कलरकडे जातं. (त्यानंतर कुणी ''एकच छोटासा बदल'' म्हणालं, तर साउंडवाल्यांचे चेहरे बघावेत.)

डेली सोपमध्ये एवढी चैन नाही. एपिसोड वेळेत सुटायला हवा आणि ब्रेकआधी प्रेक्षक अडकायला हवा. हात झपाट्याने बसतो. शांतता तशीच राहू देण्याची सवय मात्र मोडते. म्हणून मालिका कराव्यात, पण त्यातच मुक्काम ठोकू नये, असं माझं मत.

एडिटर रेणू सलुजा यांना पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये खरं तर दिग्दर्शन शिकायचं होतं. प्रवेश मिळाला संकलनाला. 1983 मध्ये त्यांनी संकलित केलेले दोन चित्रपट आले : 'जाने भी दो यारों'चा धुडगूस आणि 'अर्धसत्य'मधली वेलणकरची आतल्या आत धुमसणारी चीड. हात एकच, हे पडद्यावरून ओळखू येत नाही. 'परिंदा'साठी त्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. पण या धंद्यात पुढचं काम देतो तो बहुधा आधीचा दिग्दर्शकच. 'जाने भी दो यारों'चे दिग्दर्शक कुंदन शहा यांनी 1994 मध्ये आलेला 'कभी हां कभी ना' पुन्हा त्यांच्याच टेबलावर ठेवला.