तेंदू, बांबू आणि कर-क्रमांक : वनग्रामांच्या व्यवहारातील गैरसमज आणि वस्तुस्थिती

व्यवसायासाठी कर-ओळख क्रमांक घेण्याचा प्रश्न चंद्रपूर आणि गडचिरोली या जिल्ह्यांत उर्वरित महाराष्ट्रापेक्षा वेगळ्या वाटेने आला. इतरत्र दुकान, गिरणी किंवा पेढी काढणारी व्यक्ती हा क्रमांक मागते. येथे वनहक्क कायदा, २००६ अन्वये जंगलावरचा सामूहिक हक्क मिळाल्यावर अख्खे गावच विक्रेता झाले. धानोरा तालुक्यातील मेंढा (लेखा) या गावाचा सुमारे १,८०० हेक्टर जंगलावरील हक्क २००९ मध्ये मान्य झाला, २७ एप्रिल २०११ रोजी केंद्रीय पर्यावरण व वन खात्याचे तत्कालीन मंत्री जयराम रमेश यांच्या उपस्थितीत बांबूच्या वाहतूक परवान्यांचे पुस्तक ग्रामसभेच्या हाती आले, आणि २०१२ मध्ये गोंडपिपरी तालुक्यातील पाचगावलाही सुमारे १,००० हेक्टरांचा हक्क मिळाला. जो बांबू कित्येक वर्षे कागद कारखान्यासाठी तोडला जात होता, तो विकण्याचा अधिकार गावाकडे आला आणि त्याबरोबर बँक, व्यापारी व करखाते या तिघांशीही गावाला स्वतःच्या नावाने व्यवहार करणे भाग पडले. या व्यवहाराभोवती जे गैरसमज साचले आहेत, त्यांची किंमत शेवटी तेंदूची पाने तोडणारी आणि बांबू कापणारी कुटुंबे मोजतात, म्हणून ते एकेक करून तपासणे गरजेचे आहे.

पहिला गैरसमज असा की, 'टॅक्स नंबर' नावाची एकच गोष्ट असते. वास्तविक तीन निराळे क्रमांक आहेत. पॅन हा आयकर खात्याचा दहा अक्षर-अंकी कायम खाते क्रमांक असून तो व्यक्तीची किंवा संस्थेची ओळख सांगतो. टॅन हा दुसऱ्याला देय असलेल्या रकमेतून कर कापणाऱ्याला अथवा खरेदीदाराकडून तो मुळातच वसूल करणाऱ्याला लागतो. जीएसटी क्रमांक हा वस्तू व सेवा करासाठी असतो. मूल्यवर्धित कराच्या काळातला अकरा अंकी 'टिन' १ जुलै २०१७ पासून जीएसटी आल्यावर मागे पडला, तरीही जुन्या करारनाम्यांच्या नमुन्यांत तो रकाना अजून आढळतो. जीएसटी क्रमांक पंधरा अक्षर-अंकांचा असतो. त्याचे पहिले दोन अंक राज्याचे, म्हणजे महाराष्ट्रासाठी २७, आणि पुढची दहा अक्षरे म्हणजे धारकाचा पॅनच होय. म्हणूनच पॅन चुकीच्या नावाने निघाला की पुढचे सगळेच चुकते. लघुउद्योगांसाठीची 'उद्यम' नोंदणी किंवा दुकाने व आस्थापना कायद्याखाली दिलेली सूचना या तीन क्रमांकांहून निराळ्या गोष्टी आहेत. त्यांपैकी कोणताही कागद कर-नोंदणीची जागा घेत नाही.

'नंबर काढला की कर मागे लागतो' ही भीती सर्वांत खोलवर रुजलेली आहे आणि तीच सर्वांत निराधार आहे. पॅन ही ओळख आहे, आकारणी नव्हे. कर लागतो तो उत्पन्नावर. उलट पॅन नसल्यानेच पैसा जातो. मागील वर्षी १० कोटी रुपयांहून अधिक उलाढाल असलेला खरेदीदार एकाच विक्रेत्याकडून वर्षभरात ५० लाखांवर माल घेतो, तेव्हा त्यावरच्या रकमेवर त्याला ०.१ टक्का आयकर कापावा लागतो. विक्रेत्याने पॅन दिला नाही तर हीच कपात ५ टक्क्यांनी होते. बांबूचा साठा मोठ्या कारखान्याला विकणाऱ्या ग्रामसभेच्या बाबतीत हा फरक पन्नास पटींचा आहे, आणि पॅनच नसेल तर कापलेला पैसा परत मागण्याची वाटही बंद होते.

याच्या अगदी उलट टोकाचा गैरसमज म्हणजे 'आदिवासींना आयकर नाही'. आयकर कायदा, १९६१ च्या कलम १०(२६) मध्ये अनुसूचित जमातींच्या व्यक्तींना सूट होती हे खरे आहे, परंतु ती संविधानाच्या सहाव्या अनुसूचीतील क्षेत्रे, ईशान्येकडील काही राज्ये आणि लडाख येथील रहिवाशांच्या तेथील उत्पन्नापुरती होती. गडचिरोलीतील आणि चंद्रपुरातील अनुसूचित क्षेत्रे पाचव्या अनुसूचीत येतात. तेथील गोंड, माडिया किंवा परधान नागरिकाला या कलमाचा लाभ मिळत नाही. तरी घाबरण्याचे कारण नाही, कारण २०२५-२६ या आर्थिक वर्षापासून नव्या करप्रणालीत ४ लाखांपर्यंतच्या उत्पन्नावर कर नाही आणि व्यक्तीचे नेहमीचे उत्पन्न १२ लाखांपर्यंत असेल तर सवलतीमुळे देय कर शून्यावर येतो. तेंदू हंगामातील मजुरीवर वर्ष काढणाऱ्या कुटुंबाला यातून काहीही भरावे लागत नाही. मात्र त्यामागचे कारण उत्पन्नाची पातळी हे आहे, जात किंवा जमात नव्हे. ग्रामसभा ही व्यक्ती नसल्याने तिला ही सवलत मुळीच लागू होत नाही, हा भेद लक्षात न घेतल्यामुळे हिशेब ठेवण्यात दिरंगाई होते.

आता सर्वांत महत्त्वाचा मुद्दा : क्रमांक कोणाच्या नावाने काढायचा? एकल व्यापाऱ्याच्या बाबतीत उत्तर सोपे आहे. किराणा दुकानदार, मोहफुलांचा खरेदीदार किंवा बांबूच्या वस्तू करणारा कारागीर यांच्या 'फर्म'ला निराळा पॅन नसतो. मालकाचा स्वतःचा पॅनच धंद्याचा पॅन ठरतो, आणि दुसरा काढल्यास १०,००० रुपये दंडाची तरतूद आहे. ग्रामसभेचे तसे नाही. अनेक ठिकाणी सोय म्हणून सचिवाच्या, वनव्यवस्थापन समितीच्या अध्यक्षाच्या किंवा गावातल्या शिकलेल्या तरुणाच्या पॅनवर विक्री दाखवली जाते. असे केले की लाखो रुपयांची उलाढाल आयकर खात्याच्या नोंदीत त्या एका माणसाचे उत्पन्न म्हणून उमटते, नोटीस त्याच्या घरी येते, आणि वाद झाला तर पैसा गावाचा होता हे सिद्ध करण्याचे ओझेही त्याच्यावरच पडते. ज्या हक्कासाठी गावाने वर्षानुवर्षे बैठका घेतल्या, तो हक्क विक्रीच्या पहिल्याच पावतीवर एका व्यक्तीच्या नावे जाणे ही या सगळ्या प्रक्रियेतील अत्यंत खेदजनक बाब आहे.

ग्रामपंचायतीचा क्रमांक वापरणे हाही उपाय नव्हे. संविधानात पंचायत आणि ग्रामसभा यांच्या व्याख्या वेगळ्या आहेत. एका ग्रामपंचायतीत दोन-तीन गावे असू शकतात आणि पेसा म्हणजे अनुसूचित क्षेत्रांतील पंचायत विस्तार कायद्याच्या क्षेत्रात तितक्याच स्वतंत्र ग्रामसभा असू शकतात, तर वनहक्क मिळालेला असतो त्यांपैकी एकीला. पॅनचे चौथे अक्षर धारकाचा प्रकार दाखवते : व्यक्तीसाठी 'पी', भागीदारी पेढीसाठी 'एफ', स्थानिक प्राधिकरणासाठी 'एल', व्यक्तींच्या संघासाठी 'ए'. ग्रामपंचायत स्थानिक प्राधिकरण आहे. ग्रामसभेच्या अर्जात मात्र कोणता प्रकार निवडायचा हे अर्ज भरण्यापूर्वीच जाणकार कर-सल्लागाराकडून ठरवून घ्यावे, कारण जीएसटीच्या अर्जातही व्यवसायाचा प्रकार निवडावा लागतो आणि तो पॅनमधील प्रकाराशी जुळावा लागतो. 'ग्रामसभेची नोंदणी कोठेच नाही, म्हणून पॅन मिळणार नाही' हेही बरोबर नाही. व्यक्तींच्या संघासाठी पुरावा म्हणून धर्मादाय आयुक्तांचे किंवा सहकार निबंधकांचे प्रमाणपत्र चालते, तसाच केंद्र वा राज्य शासनाच्या खात्याकडून निघालेला, ओळख आणि पत्ता सिद्ध करणारा अन्य दस्तऐवजही चालतो; आणि सामूहिक वनहक्काच्या अभिलेखावर तर जिल्हाधिकारी, वनविभागाचा अधिकारी आणि आदिवासी विकास विभागाचा अधिकारी अशा तिघांच्या सह्या असतात. त्याला ग्रामसभेचा ठराव जोडला, आणि त्या ठरावात सही कोणी करायची, मोबाईल क्रमांक कोणाचा द्यायचा हे स्पष्ट लिहिले, तर अर्जाला भक्कम आधार मिळतो. मोबाईल क्रमांकाची बाब क्षुल्लक वाटते, पण पुढचा प्रत्येक संकेतांक त्याच फोनवर येतो आणि तो माणूस गाव सोडून गेला की खाते उघडणेही अवघड होऊन बसते.

जीएसटीच्या बाबतीत 'जंगलाचा माल शेतमालासारखाच, त्यावर नोंदणी नाही' असे सर्रास बोलले जाते. कायद्यातील शेतकरी म्हणजे जमीन कसणारी व्यक्ती किंवा हिंदू अविभक्त कुटुंब, आणि त्याला नोंदणीतून मोकळीक मिळते ती कसलेल्या जमिनीतील उत्पादनापुरती. जंगलातील तेंदू कोणी पेरलेला नसतो आणि ग्रामसभा ना व्यक्ती आहे ना कुटुंब. शेतकऱ्याने विकलेल्या तेंदूपानांवरचा कर नोंदणीकृत खरेदीदाराने परस्पर भरावा, अशी 'उलट आकारणी'ची तरतूद आहे. ती ग्रामसभेला आपोआप लागू होते असे गृहीत धरणे म्हणूनच जोखमीचे आहे. केवळ वस्तू विकणाऱ्याला महाराष्ट्रात वर्षाला ४० लाख रुपयांच्या उलाढालीपर्यंत नोंदणी सक्तीची नाही. सत्तर पानांचे एक पुडके आणि हजार पुडक्यांचे एक प्रमाण गोणी या मापाने चालणाऱ्या धंद्यात, फळीवर म्हणजे पाने मोजण्या-वाळवण्याच्या जागेवर चांगला हंगाम झाला आणि भाव चढा मिळाला, तर मोठ्या गावाची किंवा एकत्र लिलाव करणाऱ्या ग्रामसभांची उलाढाल ही मर्यादा ओलांडू शकते. पाचगावसारख्या गावाने जंगलाच्या हितासाठी तेंदू तोडणी स्वतःहून थांबवली आहे. तेथे हिशेब प्रामुख्याने बांबूचा करावा लागतो.

नोंदणी झाल्यावर कर गावाच्या खिशातून जातो, हा समज करारनामा नीट न लिहिल्यास खरा ठरतो आणि नीट लिहिल्यास खोटा. जीएसटी हा भावाव्यतिरिक्त खरेदीदाराकडून घ्यायचा आणि शासनाकडे भरायचा पैसा आहे; नोंदणीकृत खरेदीदाराला सर्वसाधारणपणे त्याची वजावटही मिळते. तेंदूपानांवरील दर २०१७ पासून १८ टक्के होता आणि २२ सप्टेंबर २०२५ पासून तो ५ टक्के झाला. समजा ५० लाखांचा सौदा झाला आणि करारात 'जीएसटी वेगळा' असे लिहिले, तर ५ टक्के दराने खरेदीदार अडीच लाख अधिक देतो आणि ५० लाख गावाकडे पूर्ण राहतात. करारात काहीच लिहिले नाही व रक्कम करासह धरली गेली, तर सुमारे २ लाख ३८ हजार रुपये गावाच्याच पैशातून जातात. जुन्या दराने हा आकडा ७ लाख ६२ हजारांवर जात असे. लिलावाच्या जाहिरातीतच 'जीएसटी वेगळा' हे दोन शब्द असावेत, याहून उपयुक्त सल्ला ग्रामसभेला देता येणार नाही. नोंदणी नसताना मात्र बिलावर जीएसटी लावून तो वसूल करता येत नाही.

सीमेवरील तालुक्यांत आणखी एक अडचण आहे. कोरचीला छत्तीसगड आणि सिरोंचाला तेलंगणा लागून आहे, आणि करपात्र माल परराज्यात विकला तर ४० लाखांची मर्यादा लागू होत नाही, पहिल्या रुपयापासून नोंदणी आवश्यक ठरते. व्यापारी आपली गाडी घेऊन गावात आला म्हणून विक्री राज्यांतर्गत ठरत नाही. मालाचा प्रवास जेथे संपतो ते ठिकाण पाहिले जाते. हाताने केलेल्या हस्तकला-वस्तूंना या सक्तीच्या नोंदणीतून ठरावीक मर्यादेपर्यंत सूट आहे, त्यामुळे चंद्रपूर जिल्ह्यातील चिचपल्लीच्या बांबू संशोधन व प्रशिक्षण केंद्रात शिकून बाहेर पडलेला कारागीर केवळ पॅन आणि मालवाहतुकीचे ई-वे बिल यांच्या आधारे परराज्यातील प्रदर्शनात माल पाठवू शकतो.

अर्जासाठी हजारो रुपये लागतात, ही समजूत दलालांच्या फायद्याची आहे. जीएसटी नोंदणीला शासकीय शुल्क नाही. आधारधारक व्यक्तीला ई-पॅन आयकर खात्याच्या संकेतस्थळावर विनामूल्य मिळतो, आणि छापील कार्डाला शंभर रुपयांच्या थोडे वर लागतात. धंद्याच्या जागेच्या पुराव्यावर अर्ज अडतात, कारण गावठाणातल्या घराला किंवा समाजमंदिराला खरेदीखत नसते. तथापि मालकीची जागा असल्यास कराची पावती किंवा वीजबिल यांपैकी एकच कागद पुरेसा मानावा, अशा सूचना केंद्रीय अप्रत्यक्ष कर मंडळाने एप्रिल २०२५ मध्ये अधिकाऱ्यांना दिल्या आहेत. जागा दुसऱ्याची असेल तर त्याचे संमतिपत्र जोडावे लागते. आधार पडताळणी झालेला आणि प्रत्यक्ष पाहणीसाठी न निवडलेला अर्ज सात कामकाजाच्या दिवसांत निकाली निघायला हवा, अन्यथा ही मुदत तीस दिवसांची आहे. शंका विचारली गेली तर सात कामकाजाच्या दिवसांत उत्तर न दिल्यास अर्ज फेटाळला जाऊ शकतो, आणि मोबाईलला रेंज नसलेल्या गावांत नेमके हेच उत्तर राहून जाते.

जीएसटी क्रमांक मिळाल्याने वनोपजाच्या वाहतुकीचा परवाना अनावश्यक होत नाही, आणि परवाना असल्याने ई-वे बिल टळत नाही. परवाना माल कोणत्या जंगलातून हक्काने निघाला हे सांगतो, ई-वे बिल करासाठी त्याच्या वाहतुकीची नोंद ठेवते. तसेच तेंदूचा हंगाम मे महिन्याचा असला तरी विवरणपत्रे वर्षभर भरावी लागतात. ज्या काळात विक्री नाही त्या काळाचे 'निरंक' विवरणपत्र फोनवरील संदेशाद्वारेही पाठवता येते, पण ते चुकले तर दिवसाला २० रुपये विलंब शुल्क लागते, आणि सलग सहा महिने विवरणपत्रे थकली तर नोंदणी रद्द होऊ शकते. पुढील हंगामात विक्री करायचीच नसेल, तर नोंदणी रद्द करण्याचा अर्ज ग्रामसभेने ठराव करून स्वतः द्यावा, आणि रद्द झाल्यापासून तीन महिन्यांत अंतिम विवरणपत्र भरावे.